चारचौघांसारखे दिसण्याचे कष्ट

मराठी भाषेला माणसांना नावे ठेवण्याची हौस दांडगी आहे. एखादा मनुष्य बैठकीत गप्प बसला की तो 'घुमा', पाहुणे आल्यावर आतल्या खोलीत निघून गेला की 'माणूसघाणा', एकाच विषयाचा ध्यास घेऊन बसला की 'एककल्ली', बोलताना समोरच्याच्या डोळ्यांना डोळा देत नसला की 'शिष्ट' किंवा 'आतल्या गाठीचा'. शिवाय 'विक्षिप्त', 'तऱ्हेवाईक', 'चक्रम' हे शब्द हाताशी असतातच. व्यक्तिचित्र हा लेखनप्रकार शिकवताना अशा शब्दांची यादी मी फळ्यावर करतो आणि मुलांना भर घालायला सांगतो. फळा पाच मिनिटांत भरून जातो. नंतर मी विचारतो की या माणसांचे कौतुक करणारे शब्द सांगा. तेव्हा मात्र वर्ग विचारात पडतो.

या शब्दांकडे मी अलीकडे निराळ्या दृष्टीने पाहू लागलो आहे. त्याला कारण माझी एक जुनी विद्यार्थिनी. तिच्या अनुमतीनेच हे लिहीत आहे; तिची ओळख पटेल असे काही लिहिलेले नाही. ही मुलगी वर्गात दुसऱ्या बाकावर बसे. वेळेवर येई, नेमके हसे, नेमका नमस्कार करी. 'किती सालस मुलगी!' असे आम्ही प्राध्यापक मंडळी म्हणत असू. आज ती तिशी ओलांडलेली, एका खाजगी कचेरीत हिशेबाचे काम पाहणारी. गेल्या वर्षी मानसोपचारतज्ज्ञांनी तपासण्या करून तिला सांगितले की ती 'स्वमग्न' आहे. इंग्रजीत ज्याला ऑटिझम म्हणतात ते हे. ती हे सांगायला घरी आली तेव्हा माझ्या पत्नीच्या तोंडून सहज निघून गेले, "पण तू तर अगदी चारचौघींसारखी दिसतेस!"

"तेवढ्यासाठीच तर वीस वर्षं घातली, काकू," ती म्हणाली.

पर्समधून तिने एक जुनी वही काढली. शाळेत असल्यापासून ती त्या वहीत नियम लिहीत आली आहे. बारशाला गेल्यावर बाळ कोणावर गेले ते विचारणे. उत्तर काहीही आले तरी 'हो ना' म्हणणे. भाजीवाल्याशी एकदा घासाघीस करणे, दुसऱ्यांदा नाही. सांत्वनाला गेल्यावर आपण होऊन विषय काढू नये. चहा नको म्हणावे, आग्रह झाला तर अर्धा घ्यावा. सगळे हसले की हसावे, पण सर्वांच्या शेवटी थांबू नये. आपण हे सारे केव्हा शिकलो हे आपल्याला आठवतसुद्धा नाही. तिने ते पाढ्यांसारखे पाठ केले होते.

स्वमग्नता म्हणजे काय?

'ऑटिझम' हा शब्द 'स्वतः' या अर्थाच्या ग्रीक शब्दावरून आला. १९४३ साली अमेरिकेतील बाल्टिमोर येथे लिओ कॅनर या डॉक्टरांनी अकरा मुलांची वर्णने प्रसिद्ध केली. त्यांत आठ मुलगे आणि तीन मुली होत्या. पुढच्याच वर्षी व्हिएन्नात हान्स आस्पर्गर यांनी अशाच मुलांवर लिहिले. तथापि पुष्कळ वर्षे जगाची समजूत अशी होती की हा फार दुर्मिळ प्रकार आहे आणि तो अगदी लहानपणीच, ठळकपणे दिसतो. १९८१ साली लंडनच्या लॉर्ना विंग यांनी आस्पर्गरांच्या कामाकडे लक्ष वेधले आणि हे चित्र बदलू लागले. बोलणारी, शिकलेली, नोकरी करणारी माणसेही स्वमग्न असू शकतात हे आता मान्य झाले आहे. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजाप्रमाणे २०२१ साली जगात सुमारे १२७ माणसांमागे एक माणूस स्वमग्न होता. आमच्या महाविद्यालयात एकेका वर्गात इतकी मुले सहज बसतात.

हा काही ताप किंवा खोकल्यासारखा आजार नव्हे. मेंदूची जडणघडणच जन्मापासून निराळी असते. शब्दांमागचा न बोललेला अर्थ, चेहऱ्यावरच्या छटा, बोलण्यातली पाळी, हे आपोआप उमगत नाही. आवाज, उजेड, वास, स्पर्श कित्येकांना असह्य होतात. आवडीचा विषय मिळाला की त्यात बुडून जावेसे वाटते. मन शांत करायला कोणी बोटे हलवतो, कोणी झुलतो, कोणी एकच शब्द पुटपुटतो. यांतले कितीतरी माणसे लोकांसमोर दडवतात. या दडवण्याला संशोधक 'मास्किंग', म्हणजे मुखवटा चढवणे, असे म्हणतात.

नागपूरकर पुण्याला जातो तेव्हा

कोणी म्हणेल, त्यात विशेष ते काय? मुखवटा तर आपण सारेच घालतो. खरेच आहे ते. अर्व्हिंग गॉफमन या समाजशास्त्रज्ञाने १९५९ साली एक ग्रंथ लिहून हेच मांडले की लोकांत वावरणारा प्रत्येक माणूस रंगमंचावरच्या नटासारखा असतो. साहेबांसमोर आपण एक असतो, घरी दुसरे. मग फरक कुठे?

मी भाषेचा मास्तर, म्हणून भाषेचाच दाखला देतो. आपला नागपूरचा मुलगा शिकायला पुण्याला जातो. इथे तो बिनदिक्कत "काय करून राहिला बे?" असे विचारत असतो. तिथे पहिल्याच आठवड्यात कोणीतरी हसते आणि मग तो जिभेवर पहारा बसवतो. 'करून राहिलो' ओठांवर आले की गिळायचे आणि 'करतो आहे' म्हणायचे. दिवसभर हे चालते. रात्री खोलीवर दुसरा नागपूरकर भेटला की दोघेही हुश्श करतात आणि जिभा मोकळ्या सोडतात. ज्यांनी हे अनुभवले आहे त्यांना त्या थकव्याची थोडी कल्पना येईल.

आता अशी कल्पना करा की पहारा केवळ जिभेवर नाही. डोळ्यांवर आहे, हातांवर आहे, हसण्यावर आहे, उभे राहण्यावर आहे. आणि सीताबर्डीला परत येण्याची सोयच नाही, कारण पहारा घरातही आहे. आपले शिष्टाचार ही आपली मातृभाषा असते. स्वमग्न माणूस मात्र जन्मभर परभाषेत बोलतो आणि प्रत्येक वाक्य मनात भाषांतर करून बोलतो.

कसे लपवतात आणि का?

इंग्लंडमधील लॉरा हल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ९२ प्रौढ स्वमग्न स्त्री-पुरुषांना हेच प्रश्न विचारले आणि त्यांची उत्तरे २०१७ साली प्रसिद्ध केली. पुढे २०१९ मध्ये त्यांनी या लपवण्याचे मोजमाप करणारी पंचवीस विधानांची प्रश्नावलीही तयार केली. डोळ्यांत पाहवत नसेल तर अशी माणसे समोरच्याच्या भुवयांमधल्या जागेवर नजर ठेवतात. गप्पांची मनात आधी तालीम करतात. मालिका-सिनेमांतील पात्रांचे हावभाव उचलतात. स्वतःबद्दल बोलायची वेळ येऊ नये म्हणून दुसऱ्यालाच प्रश्न विचारत राहतात. हात खिशात घालून बोटांची हालचाल लपवतात. माझी विद्यार्थिनी पदराच्या किंवा ओढणीच्या टोकाला एक गाठ मारून ठेवते आणि तीच चाळवत बसते. बघणाऱ्याला वाटते, मुलगी लाजते आहे!

कारणे विचाराल तर ती अगदी साधी, माणसामाणसांत सापडणारीच आहेत. पहिले कारण भीती. शाळेत ज्याची नक्कल झाली, ज्याला टोपणनाव पडले, तो मुलगा दुसऱ्या दिवशी ती सवय घरी ठेवून येतो. दुसरे कारण पोट. मुलाखतीला बसलेल्यांना उमेदवाराचे ज्ञान नंतर दिसते, नजर आणि हस्तांदोलन आधी दिसते. तिसरे कारण आपण विसरतो: माया. स्वमग्न माणसाला माणसे नको असतात हा मोठाच गैरसमज आहे. त्यालाही मित्र हवे असतात, सोबत हवी असते. मुखवटा घातला तरच पंगतीत पान मांडले जाते हे तो लवकर ओळखतो.

आपल्याकडे चौथे कारण आहे, आणि ते घरातून येते. 'लोक काय म्हणतील?' आईबाप मुलाला लपवायला शिकवतात ते दुष्टपणाने नव्हे, प्रेमाने शिकवतात. मुलींच्या वाट्याला तर हे दुप्पट येते. बसावे कसे, बोलावे किती, हसावे केव्हा, याचे पाठ मुलीला पाळण्यातून उतरल्यापासून मिळतात. गप्प बसणारा मुलगा घुमा ठरतो, पण गप्प बसणारी मुलगी गुणाची ठरते. त्यामुळे तिच्याकडे कोणाचे लक्षच जात नाही. पूर्वी चार मुलग्यांमागे एक मुलगी स्वमग्न असते असे सांगत. २०१७ साली अनेक अभ्यास एकत्र तपासले तेव्हा हे प्रमाण तिनास एकच्या जवळ निघाले, आणि मुलींचे निदान निसटत असावे असे अभ्यासकांनी म्हटले. डॉक्टर ज्या अमेरिकन निदानग्रंथाचा आधार घेतात त्याच्या २०१३ च्या आवृत्तीतही नमूद आहे की शिकून घेतलेल्या युक्त्यांमुळे मोठेपणी ही लक्षणे झाकली जाऊ शकतात.

सोंगाची किंमत

बहुरूपी पोलिसाचे सोंग घेऊन दारात येतो, हसवतो, पैसे घेतो आणि घरी जाऊन तोंड धुतो. ज्याला तोंड धुवायला मिळत नाही त्याचे काय होते? हल यांच्या अभ्यासातील माणसांनी सांगितले की लपवण्याने विलक्षण थकवा येतो, आणि आपण नेमके कोण हेच कळेनासे होते. माझी विद्यार्थिनी लॉनवरच्या एका लग्नाला गेली की दुसरा दिवस अंधाऱ्या खोलीत काढते. डीजेचा दणदणाट, दिव्यांच्या माळा, अत्तरे, फोडण्यांचे वास आणि शंभर जणांशी 'कशी आहेस?' घरच्यांना वाटे, हिला पित्ताचा त्रास आहे.

याहून गंभीर गोष्ट अशी की २०१८ साली इंग्लंडमध्येच सारा कॅसिडी यांच्या अभ्यासात, हे लपवणे आणि आत्महत्येचे विचार यांचा संबंध स्वमग्न प्रौढांत आढळून आला. जो उत्तम लपवतो त्याला मदत मिळत नाही, कारण त्याला मदत हवी आहे असे कोणाला दिसतच नाही. 'तुला काय धाड भरली आहे?' हे वाक्य म्हणूनच जपून उच्चारावे.

आता तिच्या लग्नाची गोष्ट. निदान झाले तेव्हा घरी स्थळे पाहणे चालू होते. आईवडिलांनी बजावले, याची वाच्यता करायची नाही. तिने शांतपणे उत्तर दिले, "पाहण्याचा कार्यक्रम एक तासाचा असतो, तेवढा मी निभावीन. पण पुढे चोवीस तास परीक्षेला बसायची माझी ताकद नाही. ज्याला हे सांगता येत नाही त्याच्याशी मला लग्नही करता येणार नाही." आई चार दिवस तिच्याशी बोलल्या नाहीत. पाचव्या दिवशी त्यांनी तिची ती वही मागून घेतली आणि दुपारभर वाचली. संध्याकाळी एवढेच म्हणाल्या, "हे सगळं तू एकटी करत होतीस?" वडिलांचे अजून पटलेले नाही. लग्न ठरलेले नाही. पण आता पाहुणे आले की ती अर्ध्या तासाने उठून आत जाते आणि आई बाहेर सांगतात, "तिला थोडा वेळ शांत बसायला लागतं." एवढ्या एका वाक्याने त्या घरात पुष्कळ बदलले आहे.

उणीव एका बाजूचीच का?

स्वमग्न माणसाला दुसऱ्याचे मन कळत नाही असे म्हणण्याची रीत आहे. डेमियन मिल्टन या स्वतः स्वमग्न असलेल्या ब्रिटिश अभ्यासकाने २०१२ साली उलट प्रश्न टाकला: तुम्हाला तरी आमचे मन कुठे कळते? गैरसमज दोन्हीकडून होतो, मग दुरुस्तीचे ओझे एकावरच का? एडिंबरोच्या संशोधकांनी मग एक प्रयोग केला. आपल्या 'कानगोष्टी'च्या खेळासारखी एक हकिगत आठ जणांच्या साखळीतून पुढे द्यायची. २०२० साली दिसले की सगळे स्वमग्न असलेल्या साखळ्या इतरांच्या साखळ्यांइतक्याच चांगल्या ठरल्या; हकिगत गळली ती मिश्र साखळ्यांत. २०२५ च्या मोठ्या प्रयोगात मिश्र साखळ्यांची ती घट दिसली नाही. स्वमग्न माणसे कमी पडली नाहीत, हे मात्र दोन्ही वेळा दिसले.

आपल्या विदर्भाच्या मातीतला एक दाखला आठवतो. अमरावती जिल्ह्यातील रिद्धपूर, जिथे आता मराठी भाषा विद्यापीठ झाले आहे, तेथील गोविंदप्रभूंचे चरित्र तेराव्या शतकात म्हाइंभटांनी लिहिले. महानुभाव पंथीय त्यांना ईश्वरावतार मानतात आणि त्यांच्या वागण्याला आजचे वैद्यकीय नाव देणे हा आगाऊपणा होईल. मला दिसते ते गाव. लौकिक रीतीत न बसणारे त्यांचे वागणे, कोणाच्याही घरी शिरणे, मुलांसारखे खेळणे हे त्या गावाने मुखवटा न मागता आपल्यात सामावून घेतले. सातशे वर्षांपूर्वी जे एका खेड्याला जमले ते आपल्या सदनिकांना जमू नये असे नाही.

कायदा आपल्या परीने पुढे गेला आहे. १९९९ च्या राष्ट्रीय न्यास कायद्यात स्वमग्नतेचा समावेश झाला. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्याने मान्य केलेल्या एकवीस प्रकारांत ती आहे, आणि सरकारी नोकऱ्यांतील चार टक्के आरक्षणापैकी एक टक्का ज्या गटासाठी आहे त्यात तिचा अंतर्भाव होतो. परंतु प्रमाणपत्र मागायचे तर आधी लपवणे सोडावे लागते, आणि ते सोडण्याइतकी जागा घराने व शेजाराने द्यावी लागते. 'मुखवटा फेकून दे' असा उपदेशही सोपा नाही. बाहेर हसणारे लोक तसेच असतील तर तो मुखवटा त्या माणसाचे चिलखत असतो. आधी सुरक्षित जागा हवी, मग चिलखत उतरते.

हा अंक तुमच्या हाती येईल तेव्हा घरोघरी फराळाला पाहुणे येत असतील. एखादे मूल आतल्या खोलीत कानांवर हात ठेवून बसले असेल. त्याला ओढून बाहेर आणू नका, 'काकांना गाणे म्हणून दाखव' असा आग्रह करू नका. नमस्कार लांबून केला तरी पोचतो. एखादी भाची-पुतणी डोळ्यांत न पाहता तुमच्याशी बोलत असेल तर तिच्या नजरेकडे नव्हे, तिच्या शब्दांकडे लक्ष द्या. एखादा जावई जेवून लगेच गच्चीवर गेला तर त्याला जाऊ द्या, आणि थोड्या वेळाने चकलीची बशी तेवढी वर पाठवून द्या.