खलनायिका नसलेली सरकारी वकील

चैतन्य ताम्हाणे यांचा ‘कोर्ट’ (२०१४) मी पुन्हा पुन्हा पाहतो, ते मुख्यतः गीतांजली कुलकर्णींसाठी. त्यात त्या नूतन या सरकारी वकील झाल्या आहेत. लोकशाहीर नारायण कांबळे यांचं गाणं ऐकून एका सफाई कामगाराने मॅनहोलमध्ये उतरून जीव दिला, असा आरोप. तो सिद्ध करायचं काम नूतनचं.

ती ते कसं करते? कागद हातात धरते आणि वाचते. इंग्रजीतली कलमं, पोटकलमं, १८७६चा नाट्यप्रयोग कायदा, सगळं एका सुरात. चढ नाही, उतार नाही, समोरच्या म्हाताऱ्या माणसाबद्दल रागही नाही. राष्ट्रीय नाट्य विद्यालयात शिकलेली, शेवटच्या रांगेपर्यंत शब्द पोचवणारी ही नटी. तिने इथे वाक्य रंगवायचा मोह पार टाळला आहे. किराणा मालाची यादी वाचावी तसं ती कायदा वाचते, आणि अंगावर काटा येतो तो त्यामुळेच.

या सिनेमात नटाला आडोसा नाही. मृणाल देसाईंचा कॅमेरा लांब उभा राहतो, हलत नाही, चेहऱ्याजवळ जात नाही. डोळ्यांतलं पाणी दाखवून सुटका होत नाही. उभं राहणं, कागद उलटणं, थकणं, सगळं पूर्ण देहाने खरं असावं लागतं. त्यात आजूबाजूची बरीच माणसं पहिल्यांदाच कॅमेऱ्यासमोर आलेली. कांबळेंची भूमिका करणारे वीरा साथीदार तर नागपूरचे कार्यकर्ते आणि ‘विद्रोही’ मासिकाचे संपादक होते. अशा माणसांमध्ये कसलेला नट चटकन उघडा पडतो. गीतांजली पडत नाहीत.

मग कोर्ट सुटतं. नूतन लोकलमध्ये शेजारणीशी साडीबद्दल, नवऱ्याच्या मधुमेहाबद्दल बोलते, पोराला घेऊन घरी जाते, स्वयंपाकाला लागते. रविवारी सगळं कुटुंब नाटकाला जातं आणि परप्रांतीयांच्या टिंगलीवर हसतं. ही बाई आपल्या ओळखीची आहे. डब्यात ती सरकून जागा देईल. आणि तीच सहकाऱ्यांशी गप्पा मारताना सहज म्हणून जाते की, न्यायाधीशांनी आरोपीला वीस वर्षं देऊन एकदाचं मोकळं व्हावं.

दिग्दर्शकाने हे दोन तुकडे शेजारी ठेवले. त्यांतली बाई एकच आहे हे पटवलं ते गीतांजलींनी. घरातली माया आणि कोर्टातला निर्विकारपणा, दोन्हींकडे त्या सारख्याच प्रामाणिकपणे बघतात. त्यांनी नूतनला जरा जरी दुष्ट केलं असतं, तरी आपण सगळे निर्दोष सुटलो असतो.

पुढे रोहेना गेरा यांच्या ‘सर’मध्ये (२०१८) त्या घरकाम करणारी लक्ष्मी झाल्या. पडद्याबाहेर त्या पालघर जिल्ह्यातल्या वाडा तालुक्यात ‘क्वेस्ट’ या संस्थेच्या ‘गोष्टरंग’ उपक्रमात काम करतात. तरुण नट आश्रमशाळांत जाऊन मुलांसमोर पुस्तकांतल्या गोष्टी उभ्या करतात, म्हणजे मुलांना पुस्तकं वाचावीशी वाटतील.

सामाजिक जाणिवेचा सिनेमा म्हटलं की आपण नटीकडून संताप मागतो, डोळ्यांत निखारे मागतो. मला नूतन जास्त मोलाची वाटते. अन्याय करणारा माणूस रोज वेळेवर कामाला येतो, डबा खातो, घरच्यांची काळजी घेतो. हे इतक्या नेमकेपणाने दाखवायला संतापापेक्षा मोठं धैर्य लागतं. कारण मग प्रेक्षकाला बोट दाखवायला दुसरं कुणी उरत नाही.