स्वप्न काळाच्या पुढे धावते का?

समजा, तुम्ही विरार पूर्वेला चंदनसारमध्ये राहता. पहाटेची वेळ आहे. लवकरची गाडी पकडणाऱ्यांचे डबे घराघरांतून भरले जात आहेत आणि तुम्ही मात्र झोपेत जीवदानीचा डोंगर चढत आहात! धाप लागते, वाटेत एक मित्र भेटतो, त्याच्याशी भांडण होते, अखेर वर पोचून तुम्ही देवळातली घंटा वाजवता. घण्ण! डोळे उघडतात. स्वयंपाकघरात आईच्या हातून परात पडलेली असते.

आता गंमत पाहा. परात पडली ती आत्ता. पण त्या आवाजापर्यंत नेणारी गोष्ट तर कितीतरी आधीपासून चालू होती. मग परात पडणार हे झोपलेल्या मनाला आधीच कळले की काय?

आल्फ्रेद मोरी या फ्रेंच विद्वानांनी १८६१ साली आपल्या पुस्तकात असेच एक स्वप्न दिले आहे. राज्यक्रांती, न्यायालय, देहदंडाची शिक्षा आणि शेवटी मानेवर पडणारे गिलोटिनचे पाते! दचकून उठले, तर पलंगाची दांडी मानेवर पडली होती. यावरून पुष्कळांनी ठरवून टाकले, की अख्खे स्वप्न एका क्षणात घडते.

पण विज्ञान ठरवून टाकत नाही, मोजून पाहते. १९५३ मध्ये शिकागो विद्यापीठातील ॲसेरिन्स्की आणि क्लाइटमन यांनी दाखवले, की झोपेत काही वेळा बंद पापण्यांआड बुबुळे झरझर फिरतात. त्या वेळी उठवले, तर माणूस बहुधा स्वप्न सांगतो. १९५७ मध्ये डिमेंट आणि क्लाइटमन यांनी बुबुळे फिरू लागल्यावर कधी ५, तर कधी १५ मिनिटांनी माणसांना उठवले आणि विचारले, "स्वप्न किती वेळ चालले होते? पाच मिनिटे की पंधरा?" १११ पैकी ९२ उत्तरे बरोबर आली! म्हणजे स्वप्नातले घड्याळ बहुतांशी आपल्या घड्याळासारखेच चालते.

मग परातीचे काय? डोंगर चढणे आधीच चालू होते. आवाज आला आणि मेंदूने त्याची घंटा केली. जागे होता होता आठवणीने सुटे तुकडे एका दोऱ्यात ओवले. परात पडली नसती, तर तो डोंगर तुम्हाला बहुधा आठवलाही नसता.

इथवर मौज झाली. पण काही मुलांच्या बाबतीत स्वप्न आणि दिवस यांची खरोखरच सरमिसळ होते. या विकाराचे नाव नार्कोलेप्सी. एरवी झोप लागल्यावर सुमारे दीड तासाने येणारी ती स्वप्नांची झोप या रुग्णांना पंधरा मिनिटांच्या आतच गाठते, तीही भरदिवसा, वर्गात. स्वप्न इतके ठसठशीत असते, की ते खरेच घडले असे पुढे वाटत राहते. उद्याचा पेपर कालच देऊन झाला, असे अशा मुलाला वाटले, तर तो थापा मारतो असे समजू नका. काहींचे खळखळून हसताना गुडघेच लुळे पडतात. शुद्ध मात्र हरपत नाही.

मेंदूच्या तळाशी हायपोथॅलॅमस नावाचा भाग असतो. तिथल्या काही पेशी हायपोक्रेटिन हे जागे ठेवणारे द्रव्य तयार करतात. १९९८ मध्ये ते सापडले आणि दोनच वर्षांत कळले, की अशा अनेक रुग्णांत या पेशी जवळजवळ नाहीशा झालेल्या असतात. इथे आळस नाही आणि भूतबाधाही नाही.

हा विकार पुष्कळदा ऐन शाळेच्या वयातच सुरू होतो. म्हणून शिक्षकांनाही एक विनंती. रात्री पुरेसे झोपूनही एखादा विद्यार्थी महिनोन्‌महिने रोज बाकावर डुलक्या घेत असेल, तर त्याला उभे करण्याआधी त्याच्या पालकांना बोलवा आणि त्याला मेंदूविकारतज्ज्ञांना दाखवायला सांगा. रात्रीची झोप आणि दुसऱ्या दिवशीच्या ठराविक डुलक्या यंत्रावर तपासून निदान करता येते. विकार मुळापासून जात नाही. पण औषधे आणि दुपारची नेमाची छोटी झोप यांवर पुष्कळ जण शिकतात, नोकऱ्याही करतात.