उणे उजनी आणि भिन्न छेद

उन्हाळा आला की सोलापुरात एक प्रश्न हमखास कानावर येतो: ‘उजनी मायनसमध्ये गेलं का?’ धरणात डोळ्यांना पाणी दिसत असताना साठा उणे कसा, हे पाहुण्यांना समजावताना मात्र नाकी नऊ येतात.

उजनीचा उपयुक्त साठा ५३.५७ टीएमसी आणि त्याखालचा मृतसाठा ६३.६६ टीएमसी. टक्केवारी काढतात ती फक्त उपयुक्त साठ्याची. मृतसाठ्याची रेघ म्हणजे शून्य. पाणी तिच्याखाली उतरलं की आकडा ऋण. जून २०२४मध्ये तो उणे ६० टक्क्यांच्या आसपास पोचला होता. अपूर्णांकात लिहायचं तर −३/५.

आता समजा, पुण्याकडे पाऊस झाला आणि उपयुक्त साठ्याच्या १/४ एवढं पाणी आलं. साठा किती झाला?

−३/५ + १/४

पुष्कळ मुलं इथे वरचे वर, खालचे खाली मिळवून −२/९ लिहून मोकळी होतात. हे उणे २२ टक्के झाले. पण उणे साठात पंचवीसची भर पडली तर उणे पस्तीस उरायला हवेत! घोळ असा की पाचवा हिस्सा आणि चौथा हिस्सा ही मापंच वेगळी. ती एकत्र मोजता येत नाहीत. दोन्ही एकाच मापात आणायला ५ आणि ४ यांचा लसावि घ्यायचा, २०. पहिल्या अपूर्णांकाच्या अंशाला आणि छेदाला ४ने गुणायचं, दुसऱ्याच्या ५ने:

−१२/२० + ५/२० = −७/२०

छेद सारखे झाले की काम फक्त अंशांचं: −१२ + ५ = −७. उणे चिन्ह अंशालाच ठेवावं. ते अंश आणि छेद दोघांनाही दिलं तर −१२/−२० होतं, म्हणजे चक्क धन.

पुढे सोलापूरसाठी औज बंधाऱ्याकडे पाणी सोडलं, वर बाष्पीभवनही झालं, असा एकूण १/६ साठा घटला असं धरू. २० आणि ६ यांचा लसावि ६०:

−२१/६० − १०/६० = −३१/६०

१२० घेतला तरी उत्तर तेच येतं. आकडे उगाच फुगतात आणि शेवटी संक्षेप करावा लागतो.

खरी अडचण येते ऋणातून ऋण वजा करताना. एका वर्षी साठा −१/८, दुसऱ्या वर्षी −३/५. पहिल्या वर्षी किती जास्त पाणी होतं?

−१/८ − (−३/५) = −५/४० + २४/४० = १९/४०

वजा-वजा मिळून अधिक, हे पाठ करण्यापेक्षा पातळी डोळ्यांसमोर आणावी: खालच्या रेघेपासून वरच्या रेघेपर्यंत चढायचं, म्हणून उत्तर धन.

२०२४च्याच पावसाळ्यात उजनी पुढे पूर्ण भरलं. −३/५पासून १पर्यंत, म्हणजे १ − (−३/५) = ८/५. उपयुक्त साठ्याच्या दीडपटीहून जास्त, सुमारे ८५.७ टीएमसी पाणी त्या एका मोसमात वाढलं.