कलकत्त्यापासून सिडनीपर्यंत एकच बिशप

कलकत्ता ते सिडनी हे अंतर सरळ रेषेत मोजलं तरी ९,००० किलोमीटरच्या पुढे जातं. १८२४ ते १८३६ अशी बारा वर्षं ही दोन्ही शहरं एकाच अँग्लिकन धर्मप्रांतात होती. मद्रास, मुंबई, श्रीलंका, पेनांग हेही त्यातच. आणि या सगळ्याला बिशप एक!

कागदावर ही व्यवस्था अगदी आटोपशीर होती. १८१३ च्या सनदी कायद्याने ईस्ट इंडिया कंपनीच्या मुलखासाठी एक बिशप आणि कलकत्ता, मद्रास, मुंबई इथे एकेक आर्चडीकन, म्हणजे बिशपच्या हाताखालचा कारभारी, मंजूर केला. बिशपला वर्षाला ५,००० पौंड, आर्चडीकनला २,०००. मे १८१४ मध्ये लंडनच्या लॅम्बेथ राजवाड्यात थॉमस मिडलटन यांचा अभिषेक फारसा गाजावाजा न करता उरकला आणि त्याच वर्षाच्या नोव्हेंबरअखेर ते कलकत्त्यात उतरले. कंपनीचा मुलूख वाढेल तसा बिशपचा पसाराही वाढत होता. १८१८ मध्ये पेशवाई बुडाली आणि पुणं या धर्मप्रांतात आलं.

खरी अडचण अंतरापेक्षा नियमांची होती. कारभार आर्चडीकन सांभाळू शकतो, पण पाळकांना दीक्षा देणं, डोक्यावर हात ठेवून दृढीकरण करणं आणि चर्चचं पवित्रीकरण ही कामं बिशपचीच. ती पत्राने होत नाहीत, मुखत्यारपत्रानेही नाहीत. त्यासाठी माणूस समोर हवा. मुंबईच्या फोर्टातलं सेंट थॉमस चर्च, ज्याच्यावरून चर्चगेट हे नाव पडलं, १७१८ च्या नाताळात उघडलं. त्याच्या पवित्रीकरणासाठी बिशप उंबऱ्यात आला तो १८१६ मध्ये, म्हणजे ९८ वर्षांनी. सिडनीची वसाहत १७८८ ची. तिथे पहिला बिशप पोचला १८३६ मध्ये. तोवर ४८ वर्षं तिथे कुणाचंही दृढीकरण होऊ शकलं नव्हतं. एक अख्खी पिढी जन्मली, वाढली, आईबाप झाली, तरी चर्चच्या लेखी तिचा तो विधी राहिलेलाच होता.

दुसरे बिशप रेजिनाल्ड हेबर यांनी हा प्रांत खरोखर पायाखाली घालायचं ठरवलं. जून १८२४ मध्ये ते कलकत्त्याहून नावेने निघाले. ढाका, पाटणा, काशी, लखनौ, थेट अल्मोडा, मग दिल्ली, जयपूर, बडोदा, सुरत असं करत एप्रिल १८२५ मध्ये मुंबईला पोचले. एका फेरीला दहा महिने लागले, आणि तीत मद्रास नव्हतं, श्रीलंका नव्हती, ऑस्ट्रेलियाचा तर प्रश्नच नव्हता. ऐन पावसाळ्यात खंडाळ्याचा घाट चढून ते पुण्याला गेले आणि लष्करातल्या सेंट मेरीज चर्चचं पवित्रीकरण केलं. त्यांची रोजनिशी पुढे छापली गेली. पुढच्याच वर्षी, ३ एप्रिल १८२६ रोजी, तिरुचिरापल्लीत सकाळचा विधी आटोपून ते भर उन्हाळ्यात गार पाण्याच्या हौदात उतरले आणि तिथेच गेले. वय ४२.

मिडलटन १८२२ मध्येच गेले होते. हेबरांच्या नंतरचे जेम्स १८२८ मध्ये समुद्रप्रवासात वारले, त्यांच्यामागून आलेले टर्नर १८३१ मध्ये. नऊ वर्षांत चार बिशप! प्रत्येक वेळी बातमी शिडाच्या जहाजाने काही महिन्यांनी इंग्लंडला पोचायची आणि नवा माणूस पुन्हा तितकाच प्रवास करून यायचा. मधल्या काळात एवढ्या खंडप्राय प्रदेशात दीक्षा देणारा कुणीच नसे. हवेला दोष देणं सोपं आहे, पण मला यात लंडनमधल्या नकाशावर आखणी करणाऱ्यांचा हट्टच जास्त दिसतो.

पाचवे बिशप डॅनियल विल्सन मात्र १८३२ पासून १८५८ पर्यंत टिकले, आणि त्यांच्याच काळात तुकडे पडायला लागले. मद्रास १८३५, ऑस्ट्रेलिया १८३६, मुंबई १८३७. मुंबईचे पहिले बिशप थॉमस कार झाले आणि सेंट थॉमस चर्चचं कॅथेड्रल झालं. मग १८४५ मध्ये कोलंबो, १८७७ मध्ये लाहोर आणि रंगून. मुंबईचंही विभाजन होऊन १९२९ मध्ये नाशिक वेगळं निघालं. २९ नोव्हेंबर १९७० रोजी नागपुरात अँग्लिकनांसह सहा चर्चसंस्था एकत्र येऊन चर्च ऑफ नॉर्थ इंडिया उभं राहिलं. आज त्याचे एकट्या महाराष्ट्रात मुंबई, पुणे, नाशिक, नागपूर, कोल्हापूर आणि मराठवाडा असे सहा धर्मप्रांत आहेत.