किरकोळ कारणाने हाड मोडलं तर

आपल्या मनमाडमध्ये पाण्याची टंचाई नवी नाही. नळाला पाणी आलं की हंडे-कळश्या भरायची एकच घाई उडते. अशा वेळी एखादीच्या पाठीत कळ येते, एखादी ओल्या फरशीवर घसरून मनगट मोडते. आपण म्हणतो, "लचक भरली", "वय झालं." पण थांबा.

निरोगी हाड मोडायला मोठा मार लागतो. नुसता हंडा उचलून किंवा उभ्या जागी पडून हाड मोडलं, तर ते आधीच आतून कमजोर झालेलं असू शकतं. वाळवी लागलेलं दार वरून धडच दिसतं, तसंच हे.

याची मुख्य कारणं तीन. पहिलं आणि सर्वांत जास्त आढळणारं म्हणजे हाडांचा ठिसूळपणा. पाळी गेल्यावर तो वाढतो. दम्यासाठी किंवा संधिवातासाठी बरीच वर्षं स्टेरॉइडच्या गोळ्या घेतल्यानेही होतो. यात मनगट, मणका आणि खुबा मोडतात. दुसरं कारण कर्करोग. स्तनाचा, थायरॉइडचा किंवा फुप्फुसाचा कर्करोग रक्तावाटे हाडात पोचतो आणि हाड पोखरतो. तिसरं कारण हाडाचा क्षयरोग. तो बहुतेक वेळा मणक्याला धरतो.

खुणा लक्षात ठेवा. मोडण्याआधीपासून तिथे दुखत होतं का? रात्री पडल्यावरही दुखतं का? वजन घटतंय, संध्याकाळी ताप येतो, स्तनात गाठ आहे? पूर्वी कर्करोगाचं ऑपरेशन झालंय? दहा वर्षं झाली असली तरी डॉक्टरांना सांगा.

अशा हाडाला चोळू नका, ओढून बसवू नका. ते आणखी मोडू शकतं. पाठदुखीबरोबर पाय बधिर झाले, लघवी अडली किंवा नकळत होऊ लागली, तर त्याच दिवशी दवाखाना गाठा.

नुसतं प्लास्टर घालून काम भागत नाही. डॉक्टरांना विचारा, "एवढ्याशाने हाड का मोडलं?" मग एक्स-रे, रक्ततपासणी, गरज पडल्यास हाडाचा तुकडा काढून तपासणी होते. मूळ आजारावर औषध सुरू झालं की हाड सांधायलाही मदत होते. क्षयरोगाची औषधं सरकारी दवाखान्यात मोफत मिळतात. कर्करोगाच्या अनेक उपचारांना महात्मा जोतीराव फुले जन आरोग्य योजनेचा आधार आहे.

बचत गटाच्या पुढच्या बैठकीत एवढंच विचारा: वर्षभरात कुणाचं हाड सहज मोडलं? जिचं मोडलं असेल, तिच्यासोबत दवाखान्यात जा.