पायाखाली चूल पेटलेली!

न्यूझीलंडला फिरायला किंवा शिकायला जाताय? मग रोटोरुआजवळची वायमांगू दरी चुकवू नका. १० जून १८८६ च्या पहाटे तारावेरा ज्वालामुखी फुटला, शंभरहून जास्त माणसं गेली आणि ही दरी तयार झाली. आज दिसणारी हिरवाई त्यानंतर आपोआप उगवलेली!

वाट उताराची, त्यामुळे दम लागत नाही. आधी लागतं फ्राइंग पॅन लेक, गरम पाण्याचं वाफाळतं तळं. मग इन्फर्नो क्रेटर. त्याचं निळसर पाणी साधारण ३८ दिवसांच्या चक्रात चढतं-उतरतं. दिसायला भारी, पण आम्लधर्मी आणि चटका देणारं.

खाली रोटोमहाना तलावात बोट मिळते. काठच्या कड्यांतून वाफा निघताना दिसतात. एकेकाळी जगभरातून लोक इथल्या गुलाबी-पांढऱ्या दगडी पायऱ्या बघायला यायचे. त्याच स्फोटात त्या गेल्या. परतीला बस असते.

आणि हो, सेल्फीसाठी कठडा ओलांडू नका. इथला गीझर काळा चिखल उडवायचा. माओरीत वायमांगू म्हणजे 'काळं पाणी'. १९०३ मध्ये त्याच्या फार जवळ उभ्या राहिलेल्या चौघांचा जीव गेला. फोटो वाटेवरूनही मस्तच येतात!