खड्डा त्याच्या जागेत, तडे आपल्या भिंतीला

शेजारचा जुना वाडा पाडून झाला, पोकलेन आला, तळघराची खोदाई सुरू झाली. आठवड्याभरात आपल्या स्वयंपाकघराच्या भिंतीला केसाएवढी भेग दिसते आणि कुंपणाच्या दोन्ही बाजूंनी कायदा सांगायला सुरुवात होते. त्यातला बराचसा ऐकीव असतो.

गैरसमज : जागा माझी, मी हवं तितकं खोल खणेन.

वस्तुस्थिती : जमीन जमिनीला टेकून उभी असते. भारतीय सुविधाधिकार अधिनियम, 1882 च्या कलम 7 नुसार शेजारच्या मातीचा नैसर्गिक आधार मिळणं हा प्रत्येक जमीनमालकाचा हक्क आहे. तो कमवावा लागत नाही. खड्ड्यामुळे शेजाऱ्याची जमीन खचली, तर ‘मी माझ्याच हद्दीत खणत होतो’ हा बचाव टिकत नाही.

गैरसमज : हक्क फक्त जमिनीला. वरच्या घराचं ओझं आम्ही का वाहायचं?

वस्तुस्थिती : नव्या घराबाबत यात थोडं तथ्य आहे, पण निष्काळजी खोदाईची जबाबदारी तिथेही सुटत नाही. घराला आधार मिळण्याचा हक्क वेगळा आहे. कलम 15 नुसार तो आधार 20 वर्षं बिनतक्रार, अखंड मिळाला की पक्का होतो. ‘जुनंच घर होतं, आज ना उद्या पडलंच असतं’ असं म्हणणाऱ्यावर त्याचाच मुद्दा उलटू शकतो. जुन्या घराचा हक्क मुरलेला असतो.

गैरसमज : चूक ठेकेदाराची, मालकाचा काय संबंध?

वस्तुस्थिती : हा प्रश्न इंग्लंडमध्ये ‘डाल्टन विरुद्ध अँगस’ खटल्यात आला होता. जुन्या घराचा घोडागाड्यांचा कारखाना झाला होता. 27 वर्षांनी शेजारचं घर पाडून ठेकेदारानं खोदाई केली आणि कारखाना कोसळला. 1881 मध्ये हाऊस ऑफ लॉर्ड्सनं काम करवून घेणाऱ्यांनाही जबाबदार धरलं. ज्या कामात मुळातच शेजाऱ्याला धोका आहे, त्याची काळजी घेण्याचं कर्तव्य दुसऱ्यावर ढकलून मोकळं होता येत नाही. मालकानं ठेकेदाराकडून पैसे वसूल करावेत, पण तो त्या दोघांचा हिशेब.

गैरसमज : नकाशा मंजूर आहे, आता कोणी अडवू शकत नाही.

वस्तुस्थिती : नगरपालिका बांधकाम नियमांत बसतं का, एवढंच तपासते. मालकी आणि शेजाऱ्याचे हक्क ठरवणं हे दिवाणी न्यायालयाचं काम. मंजुरी म्हणजे नुकसान करण्याचा परवाना नव्हे.

गैरसमज : सातबाऱ्यावर क्षेत्र लिहिलंय, म्हणजे हद्द ठरली.

वस्तुस्थिती : सातबारा क्षेत्र सांगतो, जमिनीवर रेघ ओढत नाही. त्यासाठी भूमी अभिलेख कार्यालयाकडून हद्द कायम मोजणी करून घ्यावी आणि मोजणी नकाशाची ‘क’ प्रत जपून ठेवावी. पाया भरल्यावर मोजणी मागवली, तर वाद वितीचा असला तरी पाडापाडी भिंतीची होते.

गैरसमज : पोलिसांत गेलं की काम थांबतं.

वस्तुस्थिती : हद्दीचा किंवा भरपाईचा वाद दिवाणी, त्याचा निवाडा पोलीस ठाण्यात होत नाही. मात्र बांधताना किंवा पाडताना माणसांच्या जिवाला धोका होईल असा हलगर्जीपणा भारतीय न्याय संहितेच्या कलम 290 खाली गुन्हा आहे.

गैरसमज : भिंत फाटेपर्यंत कोर्टात जाता येत नाही.

वस्तुस्थिती : इथे दोन गोष्टींची गल्लत होते. आधार काढल्याची भरपाई मागायला प्रत्यक्ष, लक्षणीय नुकसान व्हावं लागतं. हे सुविधाधिकार अधिनियमाचं कलम 34 सांगतं. पण हक्काला बाधा येणारच असेल, तर त्याच अधिनियमाच्या कलम 35 खाली खोदाईआधीही मनाई हुकूम मागता येतो. उशीर मात्र महागात पडतो. कामाकडे महिनोन्‌महिने मुकाट्यानं पाहत राहिलेल्याला हुकूम मिळणं कठीण.

हे सगळे हक्क शेवटी पुराव्यावर उभे राहतात. म्हणून शेजारी पोकलेन येण्याआधीच घराच्या प्रत्येक भिंतीचे तारखेसह फोटो काढावेत आणि स्ट्रक्चरल इंजिनिअरकडून पाहणी अहवाल घ्यावा. खणणाऱ्यानंही शेजाऱ्याला बोलावून हे एकत्र करावं. म्हणजे जुनी भेग खणणाऱ्याच्या माथी मारली जाणार नाही. असलेल्या भेगेवर काचेची पट्टी पक्की बसवतात. भेग वाढली की काच तडकते, आणि ‘ही भेग आधीचीच’ की ‘आत्ताची’ हा वाद तिथेच मिटतो.